कौसाच्या कोनाड्यातला दगड

कौसा, परवा तुझ्या भावाचा फोन आला. तेराव्याला आलेले पाहुणे पांगले होते, मांडव उतरला होता. ज्ञानोबा रडले नाहीत. बराच वेळ नुसते खाकरत राहिले आणि मग म्हणाले, "सुमाताई, सिनेमाच्या सेटाचे मिस्त्री आल्यात. समदं उतरवायला तयार हायत, पर त्या येका भिंतीला हात लावत न्हाईत."

"का?" मी विचारलं. कारण ठाऊक होतं, तरी विचारलं.

"कोनाड्यात देव हाय म्हन्त्यात. ज्यानं बसवला त्यानं आदी उठवावा, मंग आमी घन घालताव." पुन्हा खाकरणं. "आता जिनं बसवला तिला कुठून आणू?"

फोनमध्ये मागे कुठेतरी मेंढ्यांचा आवाज येत होता, आणि त्या आवाजात ते पुढे बोलत राहिले. "पेरणीची घाई न्हाई मला. येखाद्या साली रान पडीक पडंल, त्याचं काय येवढं. पर रोज सकाळी दार उघडलं की म्होरं आईचं घर दिसतंय. अन् आत ना आई हाय, ना कौसा. मला न्हाई जमत, ताई. तुमी या अन् कायतरी करा."

त्यांना ते घर उभं असलेलं बघवत नव्हतं आणि मला ते मोडलेलं बघवणार नव्हतं. तू गेल्यावर तुझ्या हातचं एवढं एकच काही माळावर उभं होतं. दुसरी मी होते, आणि मी काही फार नीट उभी नव्हते.

तुझ्यावर लोकांनी लिहिलं आहे. मी सगळं वाचलं. जाणकार कलादिग्दर्शक, धाडसी निर्माती, मराठवाड्याच्या मातीचा अभिमान. सगळं खरं असेल. पण त्या ओळींना तुझ्या हातांचा वास नाही. तुझ्या हातांना भिजवलेल्या मातीचा वास यायचा, सुतारकामाच्या सरसाचा यायचा, आणि या सगळ्याच्या तळाशी, कितीही साबण लावला तरी न जाणारा, धुराचा. पडद्यावर माणसं ज्या खोलीत रडतात ती खोली आधी कुणीतरी बांधलेली असते, तिच्या भिंतीला कुणीतरी पोपडे आणलेले असतात, तिच्या उंबऱ्याची कड कुणीतरी झिजवलेली असते, हे मला तुझ्यामुळे कळलं. त्याआधी मला वाटायचं, दुःखाला जागा लागत नाही.

आपण भेटलो तेव्हा तुझ्याजवळ कोळशाचा एक तुकडा होता. बीडच्या मुलींच्या वसतिगृहात आपल्याला दिलेल्या खोलीला खिडकी नव्हती. एक झरोका होता, तोही मोरीकडे. मी ट्रंकेवर बसून हिरमुसले होते. तू समोरच्या भिंतीवर कोळशाने एक दार काढलंस. नुसती चौकट नव्हे. कडी, कोयंडा, खालच्या फळीला पडलेली चीर, आणि दार किंचित किलकिलं. रेक्टरबाई तपासणीला आल्या आणि त्यांचे डोळे मोठे झाले.

"हे काय आहे?"

"दार हाय, बाई," तू म्हणालीस. "हिला कोंडल्यावाणी व्हायलं व्हतं."

"पुसून टाक."

तू लगेच ओलं फडकं घेतलंस आणि पुसलंस. मला वाटलं होतं तू रुसशील, हुज्जत घालशील. तू एक रेष मागे ठेवली नाहीस. त्या दिवशी मला तुझ्या काढण्याचं नवल वाटलं होतं, कौसा. आता वाटतं, मी तुझ्या पुसण्याचं नवल करायला हवं होतं.

ते तुला आईने शिकवलं होतं. तू मेंढपाळांच्या घरातली. तळ हलायचा, मेंढ्या पुढे निघायच्या, घोड्यावर बिऱ्हाड चढायचं, आणि सगळ्यांत शेवटी तुझी आई मागे राहायची. चुलीचे दगड पालथे घालायची, राख पांगवायची, जिथे झोपलो होतो तिथलं गवत हाताने उभं करायची. मी विचारलं होतं, ते का? तू म्हणालीस, "जागेला आपली वाट बघायची सवय लागू ने, असं आई म्हणायची." मी तेव्हा कविता लिहीत होते, आणि मला फार मत्सर वाटला. तुझ्या आईला लिहिता येत नव्हतं आणि अशी ओळ मला सुचत नव्हती.

पुढे मुंबईत तू मोठी झालीस. तुझ्या हाताखाली सुतार आले, पेंटर आले, मूर्तिकार आले. तरी सेट मोडायच्या दिवशी तू स्वतः हजर असायचीस. बाकीचे कलादिग्दर्शक शूटिंग संपलं की पुढच्या कामाला लागतात, हे तूच सांगायचीस, जरा तुच्छतेने. तू शेवटचा बांबू निघेपर्यंत उन्हात उभी राहायचीस. जमिनीवरचे खिळे वेचायला लावायचीस. आणि आपला वाद तिथून सुरू व्हायचा. मी म्हणायचे, एवढं सुंदर केलंस, थोडं राहू दे. तू म्हणायचीस, मोडता येत न्हाई ते बांदू ने मानसानं. हा वाद आपण चहावर घातला, फोनवर घातला, लग्नाच्या पंगतीत घातला. मला वाटायचं, आपल्याला खूप वेळ आहे.

नांदूरघाटच्या त्या घरापासून हा वाद वेगळा झाला.

तुझी निर्माती म्हणून ती पहिली फिल्म, माझी संवाद लिहिण्याची पहिली. ऊसतोडीला गेलेल्या जोडप्याच्या, अर्धं वर्ष कुलपात राहणाऱ्या घराची गोष्ट. गावाबाहेर एका शेतकऱ्याच्या रानात तू ते घर उभं केलंस. बांबू, प्लायवूड, त्यावर भुसा घातलेल्या मातीचा गिलावा. पेंटरने काजळीचा रंग घोटून तयार ठेवला होता. तू बोट बुडवून पाहिलंस आणि डबा बाजूला सारलास.

"रंगाची काजळी वरून खाली येती," तू म्हणालीस. "धुराची खालून वर जाती. बगणाऱ्याला सांगता येनार न्हाई, पर कळंल."

मग चूल पेटली. शूटिंगला अजून वेळ होता आणि रिकाम्या घरात दिवसरात्र चूल जळत होती. शेणाच्या गोवऱ्या, तुराट्या, ओली बाभूळ. तू नाकाला ओढणी बांधून आत बसायचीस आणि धूर कुठे वळतो ते बघायचीस. जिथे वळत नसे तिथे पाटी धरून त्याला वळवायचीस. मी दारात उभी राहून डोळे पुसायचे.

"कॅमेऱ्याला वास येत नाही, कौसा."

"कॅमेऱ्याला न्हाई येत. पर जी बाई दार उघडून आत येनार हाय तिला यील. तिला मंग रडायला शिकवावं न्हाई लागत."

ती चूल राखायला आणि जमीन सारवायला पारूबाई होती. दरसाल नवऱ्याबरोबर ऊस तोडायला जाणारी. त्या साली गुडघ्याने दगा दिला म्हणून गावी राहिलेली. तोंडात मिश्री, बोलण्यात कुणाची भीड नाही. तिने पहिल्या सकाळी सारवण संपवलं, कंबरेवर हात ठेवून भिंतींकडे पाहिलं आणि म्हणाली, "कौसे, घरात देव न्हाई."

"मावशे, हे घर न्हाई. सेट हाय."

"चूल हाय, उंबरा हाय, न्हानी हाय. मंग घर कावून न्हाई?"

तू हसलीस. पण तुला पटलंही. अशा घरात कोनाडा रिकामा नसतो, तो डोळ्याला खुपला असता. ओढ्यातून तू एक दगड आणलास. अंडाकृती, मुठीपेक्षा जरा मोठा, एका बाजूने सपाट. त्याला शेंदूर फासलास, तेल चोपडलंस आणि कोनाड्यात बसवलास. तुझ्या लेखी ती थाळी, तांब्या, कंदील यांच्यासारखी एक वस्तू होती.

पारूबाईच्या लेखी नव्हती. ती रोज सारवण झालं की तिथे दिवा लावू लागली. मग गावातल्या बाया येता जाता कोनाड्याकडे बघून हात जोडू लागल्या. मुंबईचा एक लाइटवाला, ज्याला मराठी धड येत नव्हतं, तो दिवे चढवायला आत जाताना बूट उंबऱ्याबाहेर काढू लागला. कुणी त्याला सांगितलं नव्हतं.

शूटिंग संपलं. रान पेरणीआधी मोकळं करून द्यायचं होतं. तीन बाजू उतरल्या आणि चौथ्या भिंतीपाशी सुतार हातोडे घेऊन नुसते उभे राहिले. तू चिडलीस.

"अरे, तो दगड हाय. वढ्यातनं मीच आणलाय."

पारूबाई सावलीत बसून मिश्री लावत होती. तिने मानही वर केली नाही. "तू आणलास तवा दगडच व्हता," ती म्हणाली. "आता रोजचा दिवा खाऊन बसलाय त्यो."

आणि मी, तुझी मैत्रीण, तुझी संवादलेखिका, पारूबाईच्या बाजूने बोलले. मी म्हटलं, राहू दे ना ही भिंत. मोकळ्या रानात एकटी भिंत, तिच्यात एक दिवा. तू माझ्याकडे असं पाहिलंस की मला अजून आठवतं.

"तुला कविता सुचायली, सुमे. त्या मानसाला हितं तूर पेरायचीय."

आपण दिवसभर बोललो नाही. संध्याकाळी तूच पारूबाईजवळ जाऊन मांडी घालून बसलीस. "मावशे, बसलेला देव उठवायचा कसा?" हे विचारताना तुझा आवाज वसतिगृहातल्या मुलीचा झाला होता.

पारूबाईने सांगितलं. ज्यानं बसवला त्यानंच उठवायचा. भाकरी अन् गुळाचा निवद दाखवायचा, त्याला इचारायचं, अन् उचलून घिऊन जायचं. मागं सोडायचा न्हाई. अन् दुसऱ्या भितीत बसंस्तोवर भुईला टेकू द्यायचा न्हाई.

"मंग कुठं ठिवायचा?"

"मांडीवर. लेकरू कुठं ठिवतेत?"

तू त्याच चुलीवर भाकरी थापलीस. भिंतीपुढे बसलीस. मला वाटलं, आता काहीतरी म्हणशील, मंत्र नाही तर निदान एखादी ओवी. तू दगडाला म्हणालीस, "चल देवा. बिऱ्हाड उठलं." आणि उचललास.

मांजरसुंब्याच्या ढाब्यावर आपण जेवायला थांबलो. तू ओढणीत गुंडाळलेला दगड मांडीवर घेऊन एका हाताने पिठलं-भाकरी खात होतीस. ढाब्याचा मालक दुरून बघत होता. शेवटी न राहवून जवळ आला. "ताई, लेकराला आत बाजंवर निजवू का? तुमी सुखानं जेवा."

"लेकरू न्हाई. दगड हाय."

त्याने ओढणीचा कोपरा उचलून पाहिलं. थोडा विचार केला. "मंग त्यांचं बी ताट वाढू का?"

तू एवढी हसलीस की तुला ठसका लागला. पाणी दिलं, पाठ चोळली, ठसका थांबेना. तू डोळ्यांतून पाणी काढत हसत होतीस आणि खोकत होतीस. तो खोकला मला हसण्याचाच एक भाग वाटला. आज ती जागा मनात शंभरदा उघडते आणि मला हसणं संपून खोकला कुठे सुरू झाला ते सापडत नाही.

त्यानंतर तो दगड तुझ्यासोबत सगळीकडे गेला. राजवाड्याच्या सेटमध्ये एका खांबामागे, पोलीस ठाण्याच्या सेटमध्ये फायलींच्या फडताळामागे, इस्पितळाच्या सेटमध्ये कुठेतरी जिथे कॅमेरा कधीच पोचणार नव्हता. प्रत्येक सेटला एक भिंत त्याच्यासाठी. मोडण्याच्या दिवशी गूळ-भाकरी आणि तेच वाक्य. मी एकदा तुला चिडवलं, "काय ग, आता श्रद्धाळू झालीस?"

"माजा इश्वास न्हाई," तू म्हणालीस. "पर त्याला आता सवय झालीया."

माझ्या बीडच्या फ्लॅटमध्ये तू एकदाच राहायला आलीस, आणि तेव्हाही दगड पिशवीत गळ्यात अडकवून घरभर फिरलीस. प्रत्येक भिंतीवर हात फिरवलास, मडकं वाजवून पाहावं तशी बोटाने ठोकून पाहिलीस. "लई सरळ भिंती हायत तुज्या, सुमे. येक बी कोनाडा न्हाई. वस्तू ठिवायला जागा हाय, कुणाला बसवायला न्हाई." शेवटी रात्रभर तो तुझ्याच कुशीत राहिला. मी हसले. तूही हसलीस. मला ते वाक्य लागलं नव्हतं, तेव्हा.

मग तू भावाच्या गावी, चकलांब्याला आलीस. तुझ्या आईवरची फिल्म. एखाद्या साली गडीच मेंढ्या घेऊन लांब जायचे, तेव्हा घरी दुबळी कोकरं आणि म्हातारी माणसं सांभाळत मागे राहणारी ती बाई. आईचं घर पडून किती काळ लोटला होता. ज्ञानोबांच्या माळावर तू ते आठवणीतून पुन्हा उभं केलंस. लोकरीचा वास यावा म्हणून भिंतीच्या मातीत मेंढीची लोकर मळलीस. दारापुढे वाघूर लावलंस, ती जाळी, जिच्या आत मेंढ्या कोंडतात. पारूबाईला नांदूरघाटाहून बोलावून घेतलंस; चूल राखायला दुसरं कुणी तुला चालणारच नव्हतं. आणि उगवतीच्या भिंतीला, चुलीजवळ, दगडासाठी कोनाडा केलास आणि त्याच्या शेजारी एक छोटी खिडकी ठेवलीस.

ज्ञानोबा बघायला आले आणि खिडकीपाशी थबकले. "आपल्या घराला खिडकी कवा व्हती?"

"व्हती, दादा. आई हितं बसून आभाळ बगायची."

"कौसे, म्या त्याच घरात वाढलो. भित व्हती हितं. नुसती भित."

तू खिडकीच्या चौकटीवरून हात फिरवलास. मग म्हणालीस, "मंग आता दिली."

ज्ञानोबा बाहेर गेले. मी त्या रात्री घरी जाऊन फिल्मचा एक प्रवेश पुन्हा लिहिला. त्यात आई काहीच बोलत नाही, नुसती खिडकीत बसते. तू तो वाचलास आणि पहिल्यांदा माझ्या लिहिण्याला म्हणालीस, "ह्यात धूर हाय."

पण खरा धूर तू पीत होतीस. पुन्हा चूल, पुन्हा ओली बाभूळ, पुन्हा नाकावर ओढणी. तोवर तुला माळ चढताना दोनदा थांबावं लागायचं. मी हात जोडून म्हटलं, या वेळी तरी रंगावर भागव. तू म्हणालीस, "आईच्या भितीला खोटी काजळी?" पुढे डॉक्टरांनी तुझ्या फुप्फुसांचं सांगितलं तेव्हा त्यांनी धुराचं नाव घेतलं नाही. कुठलंच एक नाव घेतलं नाही. मीच घेते. कुणावर तरी रागवायला लागतं, कौसा, आणि तुझ्यावर रागवण्याची मला सवय आहे.

इस्पितळात तुझं बोलणं तुकड्यातुकड्याने यायचं. नळी बाजूला करून तू म्हणालीस, "सेट मोड."

"आधी शूटिंग," मी म्हटलं. "मग मोडू."

"कोन करनार शूटिंग? मी न्हाई तर..." श्वास घेतलास. "जागा वाट बगंल, सुमे."

या वाक्याला माझ्याकडे उत्तर होतं. मी म्हणायला हवं होतं, बघू दे. मीही बघीन. आम्ही दोघी, मी आणि ती जागा, मिळून बघू. मी तुझी उशी सरळ केली आणि म्हटलं, मोसंबीचा रस आणते. तू डोळे मिटलेस. रस आणला, तू दोन घोट घेतलेस, आणि आपला सगळ्यात जुना वाद तिथे त्या पेल्याशेजारी राहून गेला.

आज सकाळी मी चकलांब्याला गेले.

माळ चढताना दूरवरून ते घर दिसलं आणि क्षणभर वाटलं, आत तू आहेस. छपरातून धूर निघत होता. धावत गेले. आत पारूबाई होती. तू गेल्यापासून ती नांदूरघाटला परतलीच नव्हती. चूल पेटती ठेवली होती, कोनाड्यात दिवा ठेवला होता. ज्ञानोबा खिडकीपाशी भिंतीला टेकून बसले होते. मला बघून त्यांनी उठायचा प्रयत्न केला आणि पुन्हा बसले.

"खिडकी न्हवतीच, ताई," ते म्हणाले. "पर हितं बसलं की वाटतंय, व्हती. म्हनून मोडा म्हनतो. आजून चार दिस बसलो तर आईचं खरं घर इसरून जाईन मी."

बाहेर मिस्त्री बिडी ओढत थांबले होते. मी पारूबाईला विचारलं, "मावशी, बसवणारी गेली. आता कुणी उठवायचं?"

ती चुलीतलं लाकूड मागे ओढत होती. "जिच्यासंगं ती भांडायची तिनं."

"असं असतं का कुठे?"

"कुठं आसतंय ते मला ठावं न्हाई. पर दुसरं कोन हाय तिचं येवढं जवळचं? भावासंगं ती भांडली न्हाई. त्याला खिडकी दिऊन मोकळी झाली."

"माझं भांडण अजून संपलेलं नाही, मावशी."

"मंग संगं घिऊन जा."

मला भाकरी नीट थापता येत नाही, तुला माहीत आहे. पारूबाईने थापली, मी भाजली, एका बाजूने करपली. गुळाचा खडा ठेवला. कोनाड्यापुढे बसले. जन्मभर शब्दांची नोकरी केली, वर्गात कविता शिकवल्या, आणि त्या वेळी मला एक शब्द सुचेना. तेलाचा जाडसर वास होता, शेंदूर थरावर थर चढून दगडाचा मूळ आकार बुजला होता, आणि वातीच्या टोकाला बारीक तडतड चालली होती. मी तुझंच वाक्य म्हटलं. "चल देवा." पुढचं माझ्याच्याने म्हणवेना. ज्ञानोबांनी मागून म्हटलं, "बिऱ्हाड उठलं."

दगड उचलला. मला वाटलं होतं जड असेल. तसा नव्हता. पण खालची सपाट बाजू गार होती, आणि तो गारवा कोपरापर्यंत चढला. तुझ्या हाताला मी शेवटचा हात लावला तेव्हाही हेच झालं होतं.

मग मिस्त्री आत आले. ज्ञानोबांनी एवढंच सांगितलं की खिडकीची चौकट शाबूत काढा. "माज्या घराला उगवतीला बसवतो," ते माझ्याकडे न बघता म्हणाले. तू रागावली असतीस. म्हणाली असतीस, मागं काही ठेवू ने. पण कौसा, तू त्यांना ती दिली होतीस, आणि दिलेलं मोडायचं की नाही हे देणाऱ्याच्या हातात राहत नाही.

मला निघून जायचं होतं. गेले नाही. तू उभी राहायचीस तशी उन्हात उभी राहिले, दगड पोटाशी धरून. दाराची भिंत गेली, मागची गेली. छप्पर खाली आलं तेव्हा मेंढ्या दचकून एका बाजूला सरकल्या. शेवटी चुलीजवळची ती भिंत उरली. घणाचा पहिला घाव बसला आणि काजळीचा पापुद्रा सुटला. मग माती फुटली, लोकर फाटली, आणि इतके महिने भिंतीत मुरलेला सगळा धूर एकदम बाहेर आला.

तो काजळीचा वास नव्हता. तो तुझा वास होता. ओली बाभूळ, गोवरी, भिजलेली माती, आणि तुझी ओढणी. वसतिगृहाच्या खोलीत तू शेजारच्या खाटेवर झोपलेली असताना यायचा तो. इस्पितळात फिनेलने झाकून टाकला होता तो. ज्ञानोबांनी श्वास आत ओढला आणि तसाच धरून ठेवला, सोडायला तयार नसल्यासारखा. कॅमेऱ्याला वास येत नाही, असं मी आयुष्यभर तुझ्याशी भांडले. तू कॅमेऱ्यासाठी करत नव्हतीस. एवढं मी तेव्हा मान्य करायला हवं होतं, आणि ते ऐकायला तू हवी होतीस.

वारा आला आणि वास गेला. पारूबाईने चुलीचे दगड पालथे घातले. मी राख पांगवली. खिळे वेचले गेले. माळ पुन्हा माळ झाला, आणि ज्ञानोबा आपल्या दारात जाऊन तिथून बराच वेळ मोकळ्या जागेकडे बघत राहिले. मग त्यांनी मान हलवली आणि मेंढ्या सोडायला गेले.

त्यांच्या पुतण्याने मला जीपने बीडला आणलं. वाटभर दगड मांडीवर होता. गेवराईला चहा घेऊ का विचारलं, नको म्हटलं. दोन्ही हात गुंतले होते. फ्लॅटच्या दारात किल्ली पर्समध्ये, पर्स खांद्याला, आणि मी उभी. शेजारच्या वहिनींनी किल्ली काढून कुलूप उघडलं. "काय आणलंत?" त्यांनी विचारलं. मला तुझ्यासारखं उत्तर देता आलं नाही.

घरभर फिरले. दिवाणखाना, स्वयंपाकघर, पुस्तकांची खोली. भिंती बोटाने ठोकून पाहिल्या. सगळ्या सरळ आहेत, कौसा. तू म्हणाली होतीस तशाच.

आता दिवेलागण झाली आहे. दगड मांडीवर ठेवून, एका हाताने हे लिहिते आहे. साडीला शेंदूर लागला आहे आणि उजवा पाय बधिर झाला आहे. उठायचं तर याला कुठेतरी ठेवावं लागेल आणि भुईला टेकवायचा नाही. उद्या गवंड्याला बोलवीन. पुस्तकांच्या खोलीची उगवतीची भिंत फोडायला सांगीन, मीच, जिला कधी काही मोडवलं नाही. पण कोनाडा किती उंचीवर घ्यायचा, किती खोल, हे तुझं काम होतं.

सांग ना. कुठे बसवू?